सुई गॅसवर धरू नका, बायांनो!

वडगावच्या माझ्या आत्यानं परवा मशीनची सुई चिमट्यात धरून गॅसवर लालभडक केली. का, तर मोबाइलवर 'शिवणकामाच्या खास टिप्स' आल्या होत्या. तोच मेसेज शहापूर, खानापूरकडच्या पाच जणींनी मलाही पाठवलाय. म्हणणं असं: कापडावर कापड इस्त्रीनं चिकटवायचं गमचं पान कुठलंही असो, त्यावरून बिनधास्त शिवा, सुई जाड नंबरची लावा, गम लागला तर सुई तापवा, वर खोबरेल चोळा, आणि इस्त्री जितकी कडक तितकं पान पक्कं.

आधी सुईचं. मशीनची सुई पोलादाची, मुद्दाम कडक केलेली असते. लाल केली की तो कडकपणा जातो. आत्याची सुई खणाच्या काठाच्या दुमडीवर आली, वाकली आणि प्लेटवर आपटून मोडली. टोक उडून चष्म्याला लागलं. चष्मा नसता तर? वर नेढ्यात जळका गम काळा होऊन बसलेला, म्हणून धागा तुटत होता तो वेगळाच. सुई काही सोन्याची नाही, बदला की! नाहीतर मशीन बंद करून स्पिरिटच्या चिंधीनं पुसा.

खोबरेल? रेशमी खणावर तेलाचा डाग पडला की कळेल.

आता 'कुठलंही पान'. हीटएनबॉन्ड हा एकच ब्रँड घ्या. त्याचं 'लाइट' शिवण्यासाठीच आहे, कडेनं टाका घालायचाच. 'अल्ट्राहोल्ड' मात्र शिवणीऐवजी वापरायचं. त्यावर शिवू नका, असं कंपनीच सांगते. गम जास्त, सुईला चिकटतो, टाके सुटतात. मीटरवर सुटं घेत असाल तर दुकानदाराला विचारा. त्यालाही माहीत नसेल तर चिंधीवर चिकटवून वीतभर शिवून बघा.

कडक इस्त्रीचं तर उलटंच. फार तापला की गम कापडात मुरतो आणि पकड जाते. पानावर लिहिलंय तेवढीच उष्णता द्या, आणि गार होईपर्यंत मशीनखाली घालू नका.

जाड सुईचं तेवढं खरं, नाइलाजानं मान्य करते. 11 नंबरऐवजी 14 लावली तर नेढं मोठं मिळतं, धागा कमी घासतो. पण दाट गमच्या पानाला तीही पुरत नाही.

आत्यानं सुई मोडायच्या आधीच तो मेसेज दहा जणींना पाठवलाय. त्यांना हे पाठव म्हटलं, तर म्हणते, "वर फुलांचं चित्र घालून दे की गं, त्याशिवाय कोण वाचतंय?"