'नाही' म्हणा, पण कागदावर म्हणा

आमच्या तासगाव भागात वर्ग दोनची (सरकारच्या परवानगीशिवाय विकता न येणारी) जमीन वर्ग एक, म्हणजे अशा बंधनाशिवायची, व्हावी म्हणून अर्ज दिलेली माणसं मला सारखी भेटतात. अर्ज नामंजूर झाला असं त्यातलं कुणीच सांगत नाही. फाइल प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) आहे, तलाठ्याचा अहवाल यायचाय, त्रुटी निघाली, साहेबांची बदली झाली, एवढंच ऐकायला मिळतं. माझे चुलते असा अर्ज देऊन गेले. आता वारस नोंद करून चुलतभाऊ त्याच अर्जामागे फिरतोय.

मला या दिरंगाईपेक्षा नकार परवडला असं वाटतं, आणि हे मी रागाने म्हणत नाही. तहसीलदार किंवा प्रांतांनी लेखी नकार दिला तर जमीन महसूल अधिनियमाच्या कलम २४७ खाली ६० दिवसांत अपील करता येतं. आदेशच नसेल तर अपील कशावर करायचं? गप्प बसलेलं कार्यालय तुमचा वरचा दरवाजाही बंद करून ठेवतं. त्यात नजराणा, म्हणजे वर्ग बदलण्यासाठी सरकारला भरायची रक्कम, ठरतो चालू वर्षाच्या बाजारमूल्य तक्त्यावर. म्हणजे फाइल पडून राहिली आणि दर वाढले, तर उशीर त्यांचा आणि वाढीव पैसे शेतकऱ्याचे. वर्ग बदलण्याच्या २०१९ च्या नियमांत सवलतीच्या दराला तीन वर्षांची मुदत होती. अशी मुदत अर्जदाराला बांधते, टेबलावरच्या माणसाला नाही. हा अन्याय आहे.

वास्तविक, उशिराचं काय करायचं हे कायद्याला सुचलेलं होतं. बिनशेतीसाठी १९६६ च्या याच महसूल अधिनियमात कलम ४४ लिहिताना ९० दिवसांत निर्णय कळवला नाही तर परवानगी मिळाली असं मानायची तरतूद केली होती. वर्ग दोनच्या अर्जाला तसा आधार नाही. मग उरतं ते उच्च न्यायालय.

राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करून 'आमच्या अर्जावर निर्णय घ्या' असा आदेश मागता येतो. एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण इथे लोकांची फार निराशा होते: न्यायालय सहसा जमीन वर्ग एक करून देत नाही. अर्जदाराचं म्हणणं ऐकून, कारणं देऊन, इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या, एवढंच सांगतं. निर्णय विरोधात जाऊ शकतो. पण तो हातात येतो, आणि पुढची लढाई सुरू होते.

पूर्वी एवढ्यासाठी मिरजेहून रात्रीची महालक्ष्मी धरून मुंबई गाठावी लागायची. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आणि सांगली, साताऱ्याची प्रकरणं तिथे चालतात. वकिलांनी आणि लोकांनी कित्येक वर्षं लावून धरलेली ही मागणी होती. तिचं मोल सांगलीतून सकाळी एसटीने निघून संध्याकाळी घरी परतणाऱ्या पक्षकाराला विचारा.

तरीही मला हे पटत नाही की नुसतं 'हो किंवा नाही' ऐकण्यासाठी शेतकऱ्याने वकिलाची फी भरावी. दफ्तर दिरंगाईचा कायदा २००६ पासून लागू आहे. कुठलीही फाइल एका टेबलावर कामकाजाच्या सात दिवसांपेक्षा जास्त राहू नये असं त्यात लिहिलंय. लोकसेवा हक्क अधिनियमात, सेवा अधिसूचित असेल तर, विनाकारण उशीर करणाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड आहे. माझं मत स्पष्ट आहे: निर्णय घ्या असं सांगायची वेळ न्यायालयावर आली, तर याचिकेचा खर्च जबाबदार अधिकाऱ्याच्या पगारातून वसूल व्हावा. सरकारी तिजोरीतून नको, तो पैसा पुन्हा आपलाच.

अर्ज दिलेल्यांनी आजपासून कागद जमवा. आवक क्रमांक आणि शिक्का असलेली पोच घ्या. तोंडी चौकशीवर राहू नका, स्मरणपत्र द्या आणि त्याचीही पोच ठेवा. त्रुटी लेखी मागा. माहिती अधिकारात टिपणीच्या प्रती मागा, म्हणजे फाइल कुणाकडे किती दिवस थांबली हे तारखेनिशी दिसेल. मागणी केली आणि दाद मिळाली नाही, हे याच कागदांवरून न्यायालयाला दाखवायचं असतं.

न्यायालयाचा आदेश मिळाला की त्याची प्रत कार्यालयात देऊन लगेच पोच घ्या. दिलेली मुदत संपूनही निर्णय झाला नाही तर अवमान याचिका करता येते, पण तीही अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आत.