‘छोटा काळा मासा’ बेहरंगींचा, मग मेस्घालींचं काय?

नमस्कार. इराणी चित्रकार फर्शीद मेस्घालींवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत, तेव्हा नुसतं ‘धन्यवाद’ म्हणून सटकणं बरं दिसणार नाही. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: ‘छोटा काळा मासा’ ही इराणी लेखक समद बेहरंगींची मुलांसाठीची गोष्ट, तिच्या जिवावर तिची चित्रं काढणाऱ्या मेस्घालींनी बालसाहित्यातला अँडरसन पुरस्कार पटकावला आणि मी त्यांना उगाच डोक्यावर घेतलंय. त्यात ते इराणच्या राणीच्या आश्रयाखालच्या संस्थेचे पगारदार, चित्रं काळपट नि रुक्ष, मूल घाबरेल अशी, आणि १९७९ची इराणी क्रांती झाल्यावर देश सोडून गेलेले.

पुरस्काराचं आधी निपटवू. अँडरसन पुरस्कार एखाद्या पुस्तकाला मिळत नाही, एकूण कामाला मिळतो. चित्रकारांना तो १९६६पासून दर दोन वर्षांनी देतात. मेस्घालींना १९७४मध्ये मिळाला, तेव्हा त्यांच्या आधीचे चौघेही युरोप-अमेरिकेतले होते. त्यांत चेक चित्रकार यिरी त्र्न्का होते, अमेरिकेचे मॉरिस सेंडाक होते. हा मान मिळवणारे मेस्घाली पहिले आशियाई चित्रकार. वय जेमतेम तिशी ओलांडलेलं. तोवर ‘अमू नौरुझ’सारखी पुस्तकं होतीच, शिवाय ‘मुलगा, पक्षी आणि वाद्य’, ‘करडं शहर’ असे छोटे अ‍ॅनिमेशनपट त्यांनी स्वतः केले होते. यात बेहरंगींचं कुठे काय आलं? आणि ‘काळ्या माशा’ला १९६९मध्ये इटलीतल्या बोलोन्याच्या बालपुस्तक मेळ्यात जे पारितोषिक मिळालं, तेही ग्राफिक मांडणीसाठीचं.

बेहरंगींचं मोठेपण मी कुठेच नाकारलेलं नाही. इराणी अझरबैजानच्या खेड्यांत मास्तरकी करणारा हा माणूस १९६८मध्ये आरस नदीत बुडून गेला, एकोणतिसाव्या वर्षी, पुस्तक निघालं त्याच वर्षी. लोकांनी लगेच इराणचा राजा असलेल्या शहाच्या गुप्त पोलिसांकडे बोट दाखवलं आणि गोष्ट बघता बघता राजकीय झाली. पण त्या वलयामुळेच चित्रांकडे कुणी नीट बघत नाही, अशी माझी तक्रार आहे.

आता ‘काळपट नि रुक्ष’. मुलांना रंगीबेरंगीच लागतं हे आपण मोठ्यांनी ठरवून टाकलंय. गोष्ट आठवून बघा. हिवाळ्यातली सगळ्यात लांब रात्र, समुद्राच्या तळाशी एक म्हातारी मासोळी बारा हजार मुला-नातवंडांना गोष्ट सांगतेय. गोष्टीतली काळी मासोळी आईचं न ऐकता ओहोळ सोडते, सरडा तिला खंजीर देतो, आणि शेवटी ती बगळ्याच्या पोटात शिरून त्याला मारते. आतला छोटा मासा सुटतो, तिचा मात्र पुढे पत्ता लागत नाही. गोष्ट संपल्यावर ११,९९९ पिल्लं शुभरात्री म्हणून झोपतात. एका लाल पिल्लाला झोप येत नाही. या गोष्टीला गुलाबी-आकाशी रंग फासले असते तर काय झालं असतं? मेस्घालींनी मोजके रंग घेतले, ठशांनी छापल्यासारखा खरखरीत पोत ठेवला, आणि माशांना गोंडस केलं नाही. कुणाच्याही तोंडावर हसू चिकटवलेलं नाही. काळा मासा काळाच आहे, भरीव, पानावर ठसठशीत उमटलेला; पाणी दाखवायला लाटांची नक्षी काढत बसलेले नाहीत. मूल घाबरेल म्हणता, तर गोष्टच घाबरवणारी आहे. चित्रकाराने ती मऊ करून वाढली नाही, हीच मला त्याची प्रामाणिक बाजू वाटते.

राणीच्या संस्थेचा मुद्दा मात्र वजनदार आहे. ‘कानून’ ही मुलांसाठी पुस्तकं नि चित्रपट काढणारी संस्था १९६५मध्ये निघाली, तिला राणी फराहचा आश्रय होता, पैसा सरकारी होता. पण तिथे बसलं कोण होतं? प्रकाशनाचं काम बघणारे फिरूझ शिरवानलू शहावरच्या हल्ल्याच्या खटल्यात तुरुंगात जाऊन आलेले! दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामींचा पहिला लघुपट १९७०मध्ये तिथलाच. आणि पुढे शहाविरुद्ध लढणारी तरुण पोरं जी गोष्ट उराशी धरून होती, ती छापली कुणी, तर राणीच्याच संस्थेने. दरबारी म्हणा, बंडखोर म्हणा, ‘कानून’ एका खणात बसत नाही. मेस्घालींना दरबाराचे भाट ठरवायचं तर बेहरंगींच्या प्रकाशकालाही तेच लावावं लागेल, आणि तिथे तुमचंही घोडं अडेल. पगार कुठून येतो हे बघावंच. पण त्या पगारात माणसाने काय केलं हेही बघायला नको का?

राहिलं देश सोडणं. १९७९मध्ये ते पॅरिसला गेले, तिथे चार वर्षं चित्रं नि शिल्पं केली. १९८६मध्ये दक्षिण कॅलिफोर्नियात जाऊन ग्राफिक डिझाइनचा स्टुडिओ काढला, फोटोंवरून संगणकावर चित्रं केली. त्या काळातलं काम मलाही तितकंसं भिडत नाही. पण पुढे ते इराणला परतले, हे तुमच्या प्रतिक्रियेत सोयीस्करपणे गळलंय.

एक विचारायचं राहिलं. तुमच्या घरी पुस्तक आहे म्हणालात, ते कोणतं? ही गोष्ट अनेक भाषांत गेली आहे आणि कित्येक आवृत्त्यांत दुसऱ्याच चित्रकारांची चित्रं आहेत. आतल्या पानावर चित्रकाराचं नाव बघून सांगा. ते मेस्घाली नसतील, तर ‘रुक्ष’ कुणाला म्हटलंत ते आधी ठरवावं लागेल.