1967ची सोल गाणी आणि एकट्या मोटाउनला दिले जाणारे श्रेय

अमेरिकेतील सोल संगीताचा, म्हणजे चर्चमधील गायनातून आलेल्या कृष्णवर्णीयांच्या लोकप्रिय संगीताचा, विषय निघाला की 1967 या वर्षाबद्दल एक विधान हमखास पुढे येते, आणि ते इतक्या वेळा सांगितले गेले आहे की आता कोणी पडताळूनही पाहत नाही. विधान असे: त्या वर्षी सोल गाण्यांच्या साप्ताहिक लोकप्रियता यादीत अव्वल आलेली गाणी म्हणजे डेट्रॉइटच्या मोटाउन कंपनीची गाणी, ‘रिस्पेक्ट’ हे गायिका अरीथा फ्रँकलिन यांचे स्वतःचे गाणे आणि ‘आय हर्ड इट थ्रू द ग्रेपव्हाइन’ हे गायक मार्विन गे यांचे, हे सारे संगीत केवळ कृष्णवर्णीय कलावंतांच्या हातून घडले, आणि या यादीत पहिले आलेले गाणे साऱ्या अमेरिकेत पहिले असे. ते वर्ष असामान्य होते, हे मलाही मान्य आहे. पण त्या मोठेपणाचे धनी कोण, हे या विधानात जवळजवळ प्रत्येक ठिकाणी चुकले आहे.

आधी नावाबद्दल थोडेसे. ‘बिलबोर्ड’ या अमेरिकी संगीत साप्ताहिकाच्या त्या यादीला 1967 मध्ये ‘सोल’ म्हणत नसत. ती ‘रिदम अँड ब्लूज’ची यादी होती, ‘सोल’ हे नाव तिला ऑगस्ट 1969 मध्ये मिळाले. आज मागे वळून तिला सोलची यादी म्हणायला हरकत नाही, पण पुढील विवेचनात हीच यादी अभिप्रेत आहे.

आता मुख्य दावा. वर्षभरात या यादीच्या शिखरावर चौदा गाणी पोहोचली आणि त्यांपैकी मोटाउनची फक्त चार होती: सुप्रीम्सचे ‘लव्ह इज हिअर अँड नाउ यू आर गॉन’, मार्था अँड द व्हँडेलाजचे ‘जिमी मॅक’, स्टीव्ही वंडरचे ‘आय वॉज मेड टू लव्ह हर’ आणि ग्लॅडिस नाइट अँड द पिप्सचे ‘ग्रेपव्हाइन’. त्यातही ‘जिमी मॅक’ 1964 मध्येच ध्वनिमुद्रित होऊन पडून राहिले होते आणि शिखरावर त्याला एकच आठवडा मिळाला. उलट ॲटलांटिक कंपनीसाठी गाणाऱ्या एकट्या अरीथा यांची तीन गाणी मिळून सतरा आठवडे पहिल्या स्थानावर होती: ‘आय नेव्हर लव्हड अ मॅन’ सात, ‘रिस्पेक्ट’ आठ आणि ‘बेबी आय लव्ह यू’ दोन. मोटाउनच्या चारही गाण्यांचे त्या वर्षातील आठवडे एकत्र केले तरी ते या एका गायिकेच्या आठवड्यांपेक्षा कमी भरतात. मेम्फिसच्या स्टॅक्स कंपनीतून आलेले सॅम अँड डेव्ह यांचे ‘सोल मॅन’ आणखी सात आठवडे अव्वल होते.

उरलेली नावे पाहिली की चित्र अधिकच बदलते. वर्षाची सुरुवात झाली ती न्यू ऑर्लिन्सच्या ॲरन नेव्हिल यांच्या ‘टेल इट लाइक इट इज’ने, आणि ते काढले होते पार-लो या अगदी लहान स्थानिक कंपनीने. त्यानंतर आलेले फ्रेडी स्कॉट शाउट या लेबलचे (ध्वनिमुद्रिका कंपनीचे), बेटी स्वान मनी या लेबलच्या, जेम्स ब्राउन सिनसिनाटीच्या किंगचे, जॅकी विल्सन ब्रन्सविकचे. ब्राउन यांचे ‘कोल्ड स्वेट’ तर आज फंक संगीताच्या उगमाशी ठेवले जाते, कारण त्यात स्वरसंगती जवळपास एका जागी थांबते आणि गाणे ढोलाच्या ठेक्यावर चालते. ही विविधता ‘मोटाउनचे वर्ष’ या दोन शब्दांत गाडली जाते, आणि मला सर्वांत जास्त खटकते ते हेच. या गैरसमजाचे एक कारण दिसते: 1966 मध्ये टेम्प्टेशन्ससह मोटाउनचे अनेक गट खरोखरच या यादीवर वारंवार अव्वल आले होते. त्या वर्षाचे वर्णन पुढच्या वर्षाला चिकटवले गेले.

‘रिस्पेक्ट’ गायक ओटिस रेडिंग यांनी लिहिले आणि 1965 मध्ये स्वतः गाऊन प्रसिद्ध केले. तेव्हा ते याच यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत गेले होते. रेडिंग यांच्या गाण्यात दिवसभर राबून घरी येणारा पुरुष बायकोकडून मान मागतो. अरीथा यांनी 14 फेब्रुवारी 1967 रोजी न्यूयॉर्कमध्ये ते ध्वनिमुद्रित केले, तेव्हा मान मागणारी स्त्री झाली, शब्दाची एकेक अक्षर उच्चारून केलेली फोड त्यात आली आणि मागे त्यांच्या बहिणींचे स्वर आले. ही फोड रेडिंग यांच्या मूळ गाण्यात नाही. म्हणजे गाण्याला नवा जन्म अरीथा यांनी दिला, यात शंका नाही, आणि जूनमध्ये कॅलिफोर्नियातील मॉन्टरे येथील संगीत महोत्सवात खुद्द रेडिंग यांनीही हे गाणे एका मुलीने आपल्याकडून नेल्याचे मंचावरून सांगितले. पण गीतकार म्हणून नाव रेडिंग यांचेच राहते, आणि हा केवळ तपशिलाचा प्रश्न नाही: अमेरिकेत पारंपरिक (एएम/एफएम) रेडिओवर गाणे वाजले की मानधन गीतकार-संगीतकाराला आणि प्रकाशकाला मिळते, गायकाला मिळत नाही. ज्या गाण्याने अरीथा यांची ओळख घडवली, त्याच्या प्रत्येक रेडिओ प्रसारणाचे पैसे दुसरीकडे गेले. ‘स्वतःचे गाणे’ म्हटले की रेडिंग यांचे लेखनही पुसले जाते आणि गायिकेवरचा हा अन्यायही दिसेनासा होतो.

‘ग्रेपव्हाइन’बाबत गोंधळ होणे समजण्यासारखे आहे. नॉर्मन व्हिटफील्ड आणि बॅरेट स्ट्राँग यांनी लिहिलेले हे कानोकानी पसरलेल्या बातमीचे गाणे मार्विन गे यांनी 1967च्या पूर्वार्धातच गायले होते, परंतु त्यांचे ध्वनिमुद्रण कंपनीने बाजूला ठेवले. त्या वर्षी बाजारात आले आणि अव्वल ठरले ते ग्लॅडिस नाइट यांचे, अधिक वेगाचे, चर्चमधील गायनाच्या जोशाचे रूप. गे यांची तबकडी 1968च्या अखेरीस निघाली. 1967ची गोष्ट सांगताना ग्लॅडिस यांना वगळणे म्हणजे त्या वर्षीच्या विजेत्यालाच वगळणे होय.

केवळ कृष्णवर्णीयांनी हे संगीत घडवले, हा दावा आदरापोटी केला जातो, हे मी जाणतो. गायक, बहुतेक गीतकार आणि या संगीताची चर्चमधून आलेली मुळे कृष्णवर्णीय समाजाचीच आहेत, आणि ते कधीही पातळ करून सांगू नये. पण ‘आय नेव्हर लव्हड अ मॅन’ जानेवारी 1967 मध्ये अलाबामातील मसल शोल्स येथील फेम स्टुडिओत ध्वनिमुद्रित झाले, तेव्हा स्पूनर ओल्डहॅम यांच्या इलेक्ट्रिक पियानोने सुरू होणारी त्याची साथ गोऱ्या वादकांनी केली होती. ‘सोल मॅन’ आयझॅक हेज आणि डेव्हिड पोर्टर या कृष्णवर्णीय जोडीने लिहिले. त्या उन्हाळ्यात डेट्रॉइटच्या दंगलीत कृष्णवर्णीयांच्या दुकानांवर ‘सोल’ हा शब्द लिहिलेला दिसला, त्यातून ते सुचल्याचे हेज यांनी सांगितले आहे. त्याच गाण्यात गायक ज्या स्टीव्हला वाजवायला सांगतो, तो गिटारवादक स्टीव्ह क्रॉपर गोरा होता. वंशभेदाचे कायदे नुकतेच रद्द झालेल्या दक्षिणेत एका खोलीत बसून असे काम होत होते, हा इतिहासाचा भाग आहे.

राहिला शेवटचा दावा, आणि त्याला आकडेच पुरेसे आहेत. त्या चौदा गाण्यांपैकी सर्व प्रकारच्या गाण्यांच्या ‘हॉट 100’ यादीतही पहिली आली ती दोनच: ‘रिस्पेक्ट’ आणि सुप्रीम्सचे गाणे. ‘टेल इट लाइक इट इज’, ‘आय वॉज मेड टू लव्ह हर’, ‘सोल मॅन’ आणि ‘ग्रेपव्हाइन’ दुसऱ्या क्रमांकावर अडकली, बेटी स्वान यांचे ‘मेक मी युअर्स’ एकविसाव्या स्थानापलीकडे गेले नाही, आणि फ्रेडी स्कॉट यांचे ‘आर यू लोनली फॉर मी’, जे सोलच्या यादीत चार आठवडे अव्वल होते, ते तिथे एकोणचाळिसाव्या स्थानावर थांबले. उलटही घडले: सुप्रीम्सचे ‘द हॅपनिंग’ मे महिन्यात ‘हॉट 100’वर पहिले आले, पण सोलच्या यादीत ते बाराव्या क्रमांकापर्यंतच पोहोचले.