उशीर माझा, कारस्थान गोऱ्यांचं

पंचवटी एक्सप्रेस चुकली की लोक गजराला दोष देतात. मी ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेला देतो. एकोणिसाव्या शतकात साहेबाने रूळ टाकले आणि स्टेशन कुठे ठेवलं, तर नाशिक गावापासून कोसभर नव्हे, चांगलं आठ-नऊ किलोमीटर लांब! पुढे गावातून तिथवर ट्राम निघाली, आधी ती घोडे ओढायचे. तीही बंद पडली. मग आनंदवल्लीत राहणाऱ्या माणसाने सकाळची गाडी पकडायची कशी?

"पाचला उठून," आमची ही म्हणते. तिला ऐतिहासिक दृष्टी नाही.

आनंदवल्लीचंच घ्या. राघोबादादांनी आनंदीबाईंच्या नावाने वसवलेली ही जागा. ज्या दादांना पेशवाई टिकवता आली नाही, त्यांच्या गावात माझ्याकडून नळाची तोटी टिकावी ही अपेक्षा जरा जास्तच आहे. महिनाभर गळतेय. प्लंबरला मी हे समजावलं, त्याने तरीही व्हिजिटचे पैसे घेतले.

पैशांची कथा तर थेट सातवाहनांपर्यंत जाते. १९०६ साली नाशिकजवळच्या जोगलटेंभीला चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. तेरा हजारांवर नाणी, सगळी क्षत्रप नहपानाची, पण बहुतेकांवर गौतमीपुत्र सातकर्णीने वरून आपला शिक्का ठोकलेला. कमावलं एकाने, नाव लागलं दुसऱ्याचं! माझा पगार जमा होतो आणि त्याच दुपारी त्यावर गृहकर्जाच्या हप्त्याचा शिक्का बसतो. हा पायंडा कुणी पाडला, ते उघड आहे.

(सर्दी झाली की शूर्पणखेचा दाखला मात्र मी देत नाही. ते पुराण झालं. मी पुराव्याने बोलणारा माणूस.)

परवा चिरंजीव प्रगतिपुस्तक घेऊन आले. गणितात चाळीसपैकी अकरा.

"बाबा, पोर्तुगीजांमुळे."

"काहीही बरळू नकोस. पुरावा?"

"बटाटा भारतात त्यांनी आणला. पेपरच्या आधी मी चार बटाटेवडे खाल्ले. झोप लागली."

मी बराच वेळ खोट शोधली. सापडेना. शेवटी सही करून टाकली आणि म्हटलं, "अहो, ऐकलंत का? पानं घ्या."

"नाही घेत," स्वयंपाकघरातून उत्तर आलं. "आमच्याकडे आज १८७६ चा दुष्काळ आहे."