सौदीला ‘नशीबवान’ म्हणणाऱ्यांनो, पहिला हाफ परत बघा!

फुटबॉल वर्ल्ड कपमधल्या धक्कादायक निकालांचा विषय निघाला की २२ नोव्हेंबर २०२२ ची अर्जेंटिना-सौदी अरेबिया मॅच येतेच, सौदीनं २-१ अशी जिंकलेली. आणि खाली कॉमेंटमध्ये कुणीतरी लिहितंच, ‘नशीब हो, दुसरं काय!’ गोलवर दोन शॉट, दोन्ही आत. नुसता स्कोअर वाचणाऱ्याला तसंच वाटणार.

पण पहिला हाफ आठवा. दहाव्या मिनिटाला मेस्सीची पेनल्टी, १-०. त्यानंतर अर्जेंटिनानं तीनदा बॉल जाळ्यात घातला आणि तिन्ही वेळा ऑफसाइड (पास सुटताना खेळाडू बचावफळीच्या पुढे गेलेला, म्हणून गोल रद्द). लाउतारो मार्टिनेझचा एक गोल तर खांदा जेमतेम पुढे होता म्हणून गेला. त्यांना असं ऑफसाइडमध्ये पकडायला सौदीचे कोच एर्व्हे रेनार यांनी बचावफळी पार मध्यरेषेजवळ आणून ठेवली होती. समोर मेस्सी आणि पाठीमागे मोकळं रान! दुबळी टीम असलं धाडस करत नाही. ती आपल्या बॉक्ससमोर दहा माणसं उभी करते आणि कमीत कमी गोल खाऊन घरी जाते. इथे एकाचं पाऊल जरी मागे राहिलं असतं तरी हाफटाइमलाच निकाल लागला असता. सगळी टीम देशातल्याच लीगमध्ये खेळणारी, त्यात बरेच जण अल-हिलाल या एकाच क्लबचे. एकमेकांची चाल पाठ होती, म्हणून हे जमलं.

मग ४८ व्या मिनिटाला अल-शेहरीचा गोल. पाच मिनिटांनी अल-दौसरी: बॉक्समध्ये डावीकडे बॉल घेतला, वळला, अंगावर आलेल्यांना चकवलं आणि लांबच्या कोपऱ्यात उजव्या पायानं असा वळवला की गोलकीपर एमिलियानो मार्टिनेझची बोटं लागूनही आत. याला नशीब म्हणायचं? (आमच्या कोल्हापुरातले ब्राझीलवाले त्या दुपारी किती खुश होते ते सांगायला नको.)

‘पुढे सौदीनं काय दिवे लावले?’ असंही विचारतात. पोलंडकडून ०-२, मेक्सिकोकडून १-२, गटातच गारद. पोलंडविरुद्ध त्याच अल-दौसरीची पेनल्टी अडवली गेली. खरंय सगळं.

पण अर्जेंटिनाचं काय झालं तेही बघा ना. सलग ३६ मॅच न हरलेल्या टीमला त्यांचा कोच स्कालोनीनं कशाला हात लावला असता? हरल्यावर लावला. मॅक ॲलिस्टर, एन्झो फर्नांडेझ, हुलियान अल्वारेझ, तिघंही पुढच्या दोन मॅचमध्ये पहिल्या अकरांत आले. १८ डिसेंबरला, सौदीकडून हरले त्याच लुसैल स्टेडियमवर, कप उचलला तो या बदललेल्या टीमनं. माझ्या मते त्यात सौदीचा वाटा मोठा आहे. आमचे अर्जेंटिनावाले मान्य करत नाहीत, तो भाग वेगळा.