शितं किती यापेक्षा पातेली किती

सीमाभागातल्या मराठी व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मजकूर अधूनमधून फिरतो. शब्द बदलतात, गाभा तोच असतो. आरोग्याची पाहणी करणारे चिठ्ठ्या टाकून मोजकी गावं निवडतात, आमच्या गावात कुणी फिरकत नाही, आणि दोनशे पोरांवरून अख्ख्या जिल्ह्याचा आकडा छापतात. संशोधनात तर निम्म्या गावांना उपचार देतात, निम्मी मुद्दाम कोरडी ठेवतात. सही ग्रामपंचायत अध्यक्षाची घेतात, आपली नाही. गडचिरोलीत चिठ्ठ्यांशिवायच बाळं वाचली, मग ही नाटकं कशाला? शेवटी अर्थातच ‘पुढे पाठवा’.

बेळगाव, खानापूर, निपाणीच्या माणसाला सरकारी मोजणीचा संशय यावा यात नवल नाही. १९५१ च्या जनगणनेतले भाषिक आकडे आपल्याकडे अजून चहाच्या टपरीवर निघतात. पण या मजकुरानं बोट नेमकं चुकीच्या जागी ठेवलंय. चिठ्ठी हा या सगळ्या कामातला सर्वांत निर्मळ भाग आहे. खोट असते ती दुसरीकडे, आणि तिथपर्यंत मजकूर पोचतच नाही.

“आमच्या गावात कुणी आलंच नाही, म्हणजे आकडे घरबसल्या भरले.”

२०११ च्या जनगणनेत बेळगाव जिल्ह्याची लोकसंख्या ४७ लाख ८० हजारांच्या आसपास होती. जिल्ह्यातल्या प्रत्येक लहान मुलाचं नाव असलेली, आजच्या तारखेला खरी अशी यादी कुणाकडे नसते. गावांची यादी मात्र असते. म्हणून आधी गावं निवडायची, मग तिथे जाऊन घरांची यादी स्वतः करायची आणि त्यातून घरं काढायची. यालाच क्लस्टर सॅम्पलिंग म्हणतात. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या पाचव्या फेरीत निवडलेल्या प्रत्येक गावातून किंवा शहरी गणना-गटातून २२ घरं घेतली. देशभरात ती ६ लाख ३६ हजारांवर गेली. आपलं गाव न निघणं हेच यात नेहमीचं, निघणं हा अपवाद.

आणि गावं निवडायची चिठ्ठी सरसकट नसते. ८०० घरांच्या गावाच्या चिठ्ठ्या २०० घरांच्या गावाच्या चौपट असतात. मोठ्या गावावर मेहरबानी म्हणून नव्हे. पुढे दोन्ही गावांतून सारखीच २२ घरं घेतली, तर मोठ्या गावातल्या एका घराची पाळी येण्याची शक्यता चौथाईवर येते, आणि दोन्ही पायऱ्यांचा गुणाकार केला की कणकुंबीकडच्या जंगलातलं घर आणि चिकोडीच्या बाजारपेठेजवळचं घर एकाच पातळीवर येतात. ही युक्ती कागदावर दोन ओळींची आहे, पण ती कळली की ‘आमच्यासारख्या लहान गावांना कोण विचारतो’ ही तक्रार उरत नाही.

बंगालात १९३७ पासून तागाच्या पिकाचा अंदाज नमुन्यावरून काढणारे संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबिस आणि पीककापणी प्रयोगांतून धान्याचा अंदाज काढायची पद्धत बसवणारे, सातारा जिल्ह्यातल्या बुध गावचे पां. वा. सुखात्मे, या दोघांचं आपसात मुळीच पटत नव्हतं. कापणीचा तुकडा केवढा घ्यावा यावरचा त्यांचा वाद गाजला. सगळी शेतं मोजल्याशिवाय अंदाज सांगू नये, असं मात्र त्या भांडणातही कुणी म्हणालं नाही.

“२१० मुलांवरून जिल्ह्याचं लसीकरण कसं कळेल?”

हा प्रश्न चांगला आहे, म्हणून इथे जरा थांबू. २१० ही संख्या आकाशातून पडलेली नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या लसीकरण पाहणीत ३० गावं आणि प्रत्येकी ७ मुलं घेत. त्यामागचं गणित असं: एखादं प्रमाण दोन्ही बाजूंनी १० टक्के-अंकांच्या आत, ९५ टक्के खात्रीनं कळायला सुट्या सुट्या निवडलेल्या ९६ व्यक्ती पुरतात. पण एकाच गावातली मुलं सुटी नसतात. सिस्टर एकच, रस्ता एकच, लसीकरणाचा वार एकच. सिस्टर महिनाभर रजेवर गेली तर सगळ्यांचाच डोस चुकतो. म्हणून ९६ ची दुप्पट केली, १९२. ती ३० गावांत वाटली तर प्रत्येकी ६.४ येतात, म्हणून ७.

ती जी दुप्पट केली, तिला डिझाइन इफेक्ट म्हणतात, आणि सगळी गोम तिच्यात आहे. शितावरून भाताची परीक्षा होते हे खरं, पण एका पातेल्यातली शंभर शितं चेपून पाहिली तरी ती त्याच पातेल्याची गोष्ट सांगतात. जिल्हा म्हणजे शेकडो पातेली. उदाहरणापुरतं धरू की एका गावातल्या घरांचं आपसातलं साम्य, म्हणजे गटांतर्गत सहसंबंध, ०.०५ आहे. १,००० घरं ५० गावांतून, प्रत्येकी २० घेतली तर डिझाइन इफेक्ट १.९५ (१ + १९ × ०.०५) येतो आणि हाती उरते सुमारे ५१३ सुट्या घरांइतकी माहिती. तीच १,००० घरं १० गावांतून प्रत्येकी १०० घेतली तर तो ५.९५ होतो आणि उरतात जेमतेम १६८. प्रश्न तितकेच विचारले, कागद तितकाच लागला आणि माहिती तिसऱ्या हिश्श्यावर आली. तेव्हा पाहणीचा अहवाल हाती आला की ‘किती माणसं’ यापेक्षा ‘किती गावं’ हे आधी शोधावं.

आता २१० चं खरं दुबळेपण. दहा टक्के-अंकांची सूट म्हणजे ७० टक्के असं छापलं तर खरा आकडा ६० ही असेल, ८० ही. ‘कार्यक्रम बरा चाललाय की कोसळलाय’ एवढं ठरवायला ते पुरतं. पण त्याच ३० गावांतली चार खानापूरची आणि तीन अथणीची बाजूला काढून ‘खानापूर मागे, अथणी पुढे’ अशी बातमी कुणी केली तर ती टाकाऊ. एक तालुका घाटाच्या पावसातला, दुसरा कोरड्या पट्ट्यातला, वस्त्यांची ठेवण वेगळी. तुलना करायची तर प्रत्येकाचा वेगळा, पुरेसा नमुना हवा.

दुसरं दुबळेपण याहून वाईट होतं. जुन्या पद्धतीत गावाच्या मध्यभागी उभं राहून बाटली किंवा पेन्सिल फिरवायची, ती थांबेल त्या दिशेनं सुरुवातीचं एक घर काढायचं आणि मग शेजारचं, त्याच्या शेजारचं करत सात मुलं भरायची. गावठाणात राहणाऱ्यांसाठी हे झकास. खानापूरच्या रानातले धनगर-गवळ्यांचे वाडे किंवा चिकोडी-रायबागकडे हंगामात उसाच्या फडाशेजारी पडणाऱ्या ऊसतोड टोळ्यांच्या कोप्या या बाटलीच्या टप्प्यात सहसा येत नाहीत, आणि लस चुकते ती बरेचदा तिथेच. संघटनेच्या २०१८ च्या पुस्तिकेनं ही पद्धत सोडून घरांची यादी करून चिठ्ठीनं निवड करायचा आग्रह धरला. म्हणजे दुखणं चिठ्ठी टाकण्यात नव्हतं. ती शेवटच्या पायरीपर्यंत टाकली जात नव्हती, यात होतं.

“निम्म्या गावांना औषध दिलं, निम्म्यांना मरायला सोडलं.”

क्लस्टर रँडमाइज्ड ट्रायलवरचा हा आरोप. या चाचण्यांत माणसं चिठ्ठीनं वाटत नाहीत, गावं किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रांची हद्द वाटतात. सीमालढ्यात वाढलेल्यांना सीमा आखताना ‘खेडं हा घटक’ धरावा हे सूत्र पाठ आहे. इथेही घटक तोच, फक्त कारण निराळं.

कारण बेळगाव जिल्ह्यातच दोन्ही प्रकारांनी दिसलंय. बाळंतपणानंतरचा रक्तस्राव रोखायला मिसोप्रोस्टॉलच्या गोळ्या चालतात का, याची चाचणी २००२ ते २००५ मध्ये इथल्या ग्रामीण भागात झाली. गोळी एकीला देता येते, दुसरीला तशीच दिसणारी बिनऔषधाची देता येते, म्हणून चिठ्ठी बाईगणिक टाकली. १,६२० बायका होत्या. रक्तस्रावाचं प्रमाण १२ टक्क्यांवरून ६.४ वर आलं. पण उपाय जर ‘सिस्टरला आणि आशाताईला नवं काही शिकवणं’ असेल तर काय करणार? शिकलेली सिस्टर सकाळच्या पेशंटला शिकल्याप्रमाणे आणि दुपारच्या पेशंटला न शिकल्यासारखी वागवणार नाही. शिवाय गावात गोष्ट पसरते. म्हणून अख्खी हद्द एका बाजूला घालावी लागते.

आता ‘मरायला सोडलं’ याकडे. दुसऱ्या बाजूच्या गावांची चालू सेवा कुणी काढून घेत नाही. नवा उपाय चांगलाच आहे हे आधीच ठाऊक असतं तर चाचणीची गरजच नव्हती. ‘नवा म्हणजे चांगला’ हे धरून चालणं किती महागात पडतं याचं उदाहरण दूरचं नाही, कारण त्यात आपलं बेळगाव होतं. दिवस भरण्याआधी बाळंत होऊ शकणाऱ्या आईला स्टिरॉइडचं इंजेक्शन दिलं की बाळाची फुप्फुसं लवकर तयार होतात, हे मोठ्या इस्पितळांत सिद्ध झालेलं होतं. मग ते खेड्यापर्यंत न्यावं, असं ज्याला त्याला वाटत होतं. सहा देशांत शंभरावर क्लस्टर घेऊन चाचणी झाली. भारतातली केंद्रं दोन, बेळगाव आणि नागपूर. २०१५ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात निकाल आला: एक लाखाच्या घरात जन्म, अगदी कमी वजनाच्या बाळांच्या मृत्यूत फरक नाही, आणि सगळ्या बाळांचे २८ दिवसांतले मृत्यू हजारी २३.९ वरून २७.४ वर. हे आकडे सहाही देशांचे मिळून आहेत. ज्यांना ‘वंचित’ ठेवलं म्हणून मजकूर गळा काढतो, एकंदरीत त्या बाजूची बाळं जास्त वाचली.

औषध वाईट ठरलं का? नाही. पुढे २०२० मध्ये पाच देशांतल्या इस्पितळांत, भारत धरून, नेटक्या निदानानिशी तेच औषध दिलं तेव्हा दिवस भरण्याआधी बाळंत होऊ शकणाऱ्या अशा आयांच्या बाळांतले नवजात मृत्यू २३.५ टक्क्यांवरून १९.६ वर आले. खेड्यात गर्भाचे आठवडे नीट ठरत नाहीत, ज्यांना गरज नाही अशांनाही इंजेक्शन जातं, संसर्गाचा धोका वाढतो. पहिली चाचणी न करता सरकारनं नुसता आदेश काढला असता तर हजारात साडेतीन जास्तीचे मृत्यू कुणाच्या लक्षातही आले नसते, कारण तुलनेला दुसरी बाजूच नसती.

मजकूर जिथे संशय घेत नाही तिथे मात्र तो घ्यायला हवा. ‘लाखभर लोकांवर तपासलेलं’ म्हटलं की आपण मान डोलावतो. उत्तर प्रदेशात अ-जीवनसत्त्व आणि जंताच्या गोळीची प्रचंड चाचणी झाली, मुलं होती दहा लाखांच्या घरात. पण चिठ्ठीनं वाटले ते ७२ तालुकावजा ब्लॉक. २०१३ च्या निकालात अ-जीवनसत्त्वानं मृत्यू सुमारे ४ टक्क्यांनी कमी दिसले, आणि एवढा फरक योगायोगानंही पडू शकतो असं तेच गणित सांगतं. बेळगाव आणि बागलकोट जिल्ह्यांत गरोदरपणातल्या रक्तदाबावर आशाताईंमार्फत लक्ष ठेवायची चाचणी झाली, तिच्या भारतातल्या भागात क्लस्टर होते १२. बारा चिठ्ठ्यांत दोन सुसज्ज केंद्रं एकाच बाजूला गेली की पारडं कलतं, मग आत बायका कितीही असोत. चिठ्ठी गावांची टाकायची आणि हिशेब सुट्या माणसांचा मांडायचा, ही निव्वळ स्वतःची फसवणूक, असं अमेरिकी संख्याशास्त्रज्ञ जेरोम कॉर्नफिल्ड १९७८ मध्येच सांगून गेला. तरी असे निबंध छापून येतात. एक गाव दत्तक घेऊन शेजारच्या एका गावाशी तुलना करणारे अहवाल तर विचारूच नका. तिथे दोन्ही बाजूंना घटक एकेकच.

“सही अध्यक्षाची, आपली नाही.”

यात तथ्य आहे, अर्धं. गावाला चाचणीत घ्यायला पंचायत किंवा आरोग्य खात्याची परवानगी लागते. पण ती परवानगी माणसाच्या संमतीची जागा घेऊ शकत नाही, हे अशा चाचण्यांच्या नीतीवरच्या २०१२ च्या ओटावा निवेदनात स्पष्ट लिहिलंय. टोचायचं असेल, रक्त घ्यायचं असेल, घरची माहिती लिहून न्यायची असेल तर विचारायला हवं ते तुम्हाला. अडचण येते ती पाण्याच्या टाकीत काही मिसळण्यासारख्या उपायांत, जिथे एकट्यानं नाही म्हणायची सोय नसते. तिथे नीतिसमितीनं कडक असायलाच हवं. कुणी न विचारता सुई काढली तर तक्रार जरूर करा, पण ती त्या माणसांविरुद्ध, चिठ्ठीविरुद्ध नाही.

“गडचिरोलीत चिठ्ठ्या न टाकता झालं की.”

झालं, आणि अभिमान वाटावा असं झालं. अभय बंग आणि सहकाऱ्यांनी ३९ गावांत घरोघरी नवजात बाळांची काळजी घेतली, ४७ गावं तुलनेला ठेवली. गावं चिठ्ठीनं वाटली नव्हती. १९९९ च्या निबंधात त्यांनी ते लपवलं नाही, आणि काम सुरू होण्याआधीचे दोन्हीकडचे आकडेही दिले. तुलनेची गावं धरून हिशेब केला तेव्हा नवजात मृत्यू ६२ टक्क्यांनी घटले होते. इतका मोठा फरक सहसा निवडीच्या तिरकेपणातून येत नाही.

पण गोष्ट तिथे संपली नाही, आणि मजकूर नेमका हाच भाग गाळतो. जग लगेच पटलं नाही. ‘तिथे बंग होते म्हणून झालं’ ही शंका होतीच, आणि ती फिटायला चिठ्ठीच लागली. उत्तर प्रदेशात शिवगडला ३९ क्लस्टरांत आणि बांगलादेशात सिल्हेटला २४ क्लस्टरांत चिठ्ठ्या टाकून चाचण्या झाल्या. २००८ मध्ये निकाल आले: शिवगडला नवजात मृत्यू ५४ टक्क्यांनी कमी, सिल्हेटला घरभेटींच्या गटात ३४ टक्क्यांनी. २००९ मध्ये जागतिक आरोग्य संघटना आणि युनिसेफनं घरभेटींची संयुक्त शिफारस केली, २०११ मध्ये भारत सरकारनं तो कार्यक्रम आशाताईंकडे दिला. दवाखान्यात बाळंतपण झालं तर तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी तिनं घरी यायचं असतं, आणि हा नियम निवडलेल्या गावांपुरता नाही.