दाराशी कोणी अडवत नाही ते पार्क

एकाही राइडमध्ये बसणार नाही असं स्वच्छ सांगणाऱ्या ७४ वर्षांच्या माणसाला पूर्ण तिकीट? आज एका मोठ्या अम्युझमेंट पार्कच्या दारात हे झालं. पार्किंगचे पैसे आधीच मोजले होते. सासरे म्हणाले, "मी गाडीत थांबतो, तुम्ही या जाऊन." एवढ्या उन्हात! तिकीट काढलंच, पण आपल्यापायी पैसे वाया गेले म्हणून ते दिवसभर बाकावर अवघडून बसले होते. मुलांना मजा आली, ते नाकारत नाही. माझं डोकं मात्र अजून तापलेलं आहे.

आणि सारखी आई आठवत होती. कनोबल्समधली.

पेनसिल्व्हेनियात, कोळशाच्या खाणींच्या पट्ट्यात, एलिसबर्गजवळ हे पार्क आहे. प्रवेश फुकट, पार्किंग फुकट. गाडी लावायची आणि झाडांखालून चालू लागायचं. आई इकडे अमेरिकेत आली होती तेव्हा तिला नेलं. गुडघे दुखरे, त्यामुळे ती बसूनच राहणार हे ठरलेलं. पर्स छातीशी धरून चालत होती. मेरी-गो-राउंडपाशी पोचलो तरी तिचं चालूच, "अगं, तिकीट कुठे काढायचं? कोणी हटकलं तर?" म्हटलं, आई, तिकीट राइडचं असतं, बाकाचं नाही. तिला खरं वाटेना.

या जागेची गोष्टच तशी आहे. १८२८ पासून ही जमीन कनोबल घराण्याकडे. शेती आणि लाकडाचा धंदा. ओढ्यात पोहायला चांगली जागा होती, म्हणून सुट्टीच्या दिवशी लोक घोडागाड्या घेऊन यायला लागले. घरातल्या एकाने त्यांच्या घोड्यांना खरारा, चारा आणि पाणी करायचे २५ सेंट घ्यायला सुरुवात केली. बघा हं, पैसे घोड्यांच्या सेवेचे घेतले, माणसांच्या येण्याचे नाही. मग ४ जुलै १९२६ ला पोहण्याचा तलाव, वाफेवर चालणारं एक मेरी-गो-राउंड, खाण्यापिण्याची जागा आणि थोडे खेळ, एवढ्यावर पार्क सुरू झालं. आजही ते त्याच घराण्याकडे आहे, आणि आजही जो जे वापरेल त्याचेच पैसे.

तीन मुलं असतील आणि तिघांनाही सगळंच हवं असेल तर तिथेही खिसा रिकामा होतो. हो, माहीत आहे.

पण दारातच सगळ्यांना एका मापाने मोजायचं ही पद्धत काही आभाळातून पडलेली नाही. अमेरिकेत एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी ट्रॉली म्हणजे ट्राम चालवणाऱ्या कंपन्यांनीच पार्कं काढली. शनिवार-रविवारी गाड्या रिकाम्या धावायच्या, म्हणून मार्गाच्या टोकाला झाडी, बँड, नाचाचा हॉल आणि झोपाळे उभे केले. कमाई गाडीभाड्यात, म्हणून पार्कात येणं बहुतेक ठिकाणी फुकट. पिट्सबर्गजवळचं केनीवूड १८९८ मध्ये असंच सुरू झालं. अगदी डिस्नेलँडमध्येही १९८२ पर्यंत दाराचं तिकीट वेगळं आणि राइडची कुपनं वेगळी असायची. पुढे बहुतेक ठिकाणी एकच मोठं तिकीट आलं, आणि त्या दिवसापासून नातवाच्या रोलर कोस्टरचे पैसे आजीही भरायला लागली. कशासाठी? सावलीत बसायला?

माझ्या आईने त्या दिवशी काय केलं ते सांगते. कनोबल्सचं मोठं मेरी-गो-राउंड १९१३ मध्ये बनवलेलं, पार्कपेक्षाही जुनं, ६३ लाकडी घोडे, प्रत्येक हाताने कोरलेला. बाहेरच्या रांगेतल्या घोड्यावर बसलात की दर फेरीला वाकून, हात ताणून एका दांड्यातून कडी ओढून घ्यायची. बहुतेक कड्या लोखंडी, एखादीच पितळी. पितळी मिळाली की पुढची फेरी फुकट. धाकटी समोरून गेली की आई दर वेळी बाकावरून अर्धी उठायची, "अजून लांब कर हात! अगं, अजून!" शेजारी तिच्याच वयाच्या एक अमेरिकन बाई, मांडीवर आमच्यासारखाच पिशव्या-जॅकेटांचा ढीग, त्याही नातवाला ओरडून तेच सांगत होत्या. पितळी कडी त्या नातवाला मिळाली आणि टाळ्या माझ्या आईने वाजवल्या. दोघी मग तासभर शेजारी बसून होत्या. काय बोलल्या देव जाणे. आईला इंग्रजीची तीन वाक्यं येतात.

हे लिहिताना राग जरा उतरला.

या पार्कने सोसलंय पण खूप. १९७२ मध्ये ॲग्नेस वादळाच्या पुराने बरंचसं पाण्याखाली गेलं. २०११ मध्ये परत पूर आला. पाणी कुठवर चढलं होतं त्याच्या खुणा तिथे लावून ठेवल्यात, आईने त्यावर बोट ठेवून पाहिलं होतं. आणि त्यांचा तो लाकडी रोलर कोस्टर, फीनिक्स! तो १९४७ मध्ये टेक्ससमधल्या सॅन अँटोनियोच्या एका पार्कात बांधलेला. ते पार्क १९८० मध्ये बंद पडलं. नकाशे हाताशी नव्हते, म्हणून एकेका फळीला नंबर घालून तो सुटा केला, इकडे आणला आणि १९८५ मध्ये परत उभा केला. त्याच्या आदल्याच वर्षी ओहायोतल्या यंग्सटाउनचं आयडोरा पार्क आगीनंतर कायमचं बंद झालं, आणि तिथलं मेरी-गो-राउंड लिलावात गेलं. ते आता ब्रुकलिनमध्ये नदीकाठी फिरतंय, म्हणजे वाचलं म्हणायचं. पण यंग्सटाउनच्या आज्यांचा बाक गेला तो गेलाच.

घरचा धंदा म्हणजे सगळी देवमाणसं, असं मी म्हणत नाही. मोठ्या पार्कांना मोठे खर्च असतात हेही खरं. पण बाकावर बसणाऱ्या म्हाताऱ्या माणसासाठी वेगळा, स्वस्त पास ठेवायला काय लागतं? त्याच्यामुळे तर घरातले सहाजण येतात! पिशव्या तो सांभाळतो, रडणारं पोर तो घेतो, बाटलीतलं पाणी तो पुरवतो. आज माझ्या सासऱ्यांनी हे सगळं केलं, आणि वर पैसे भरून केलं. मला याचीच चीड आहे.

म्हणून मंडळी, या उन्हाळ्यात ज्यांचे आईवडील इकडे येणार आहेत त्यांनी मला मेसेज करा. आम्ही पुढच्या महिन्यात कनोबल्सला जातोय. घरचं जेवण नेता येतं, झाडाखाली टेबलं आहेत. आमच्या गाडीत दोन जागा रिकाम्या आहेत, आणि त्या मी आजी-आजोबांसाठीच ठेवणार आहे.